मैदान कोणाचे? ब्राझीलच्या दोन विश्वचषकांची हकिकत



या व्यासपीठावरून गेले काही दिवस मोठमोठी विद्वान मंडळी बोलून गेली. त्यांच्या पंक्तीला आम्हांला पान मांडलेत, हा तुमचा मोठेपणा. आमचे शालेय शिक्षण नववीपर्यंत झाले. पुढे जे काही शिकलो ते वाचनालयात, मजूर अड्ड्यावर आणि कामगार न्यायालयाच्या व्हरांड्यात. चालकांनी विषय विचारला तेव्हा आम्ही बांधकाम मजुरांच्या कायद्यावर बोलू, अशी त्यांची अपेक्षा असावी. आम्ही म्हणालो, फुटबॉलवर बोलतो. ते हसले, पण हे कोल्हापूर असल्यामुळे नाही कोणी म्हणाले नाही. विश्वचषक भरतो हजारो मैलांवर, आणि निशाणे लागतात आपल्या पेठापेठांत. एका घरात थोरला ब्राझीलचा आणि धाकटा अर्जेंटिनाचा. महिनाभर एकमेकांशी धड बोलत नाहीत. तेव्हा हा विषय परका नव्हे.

आमच्या डोक्यात तो कसा शिरला ते आधी सांगतो. २०१४ साली विश्वचषक ब्राझीलमध्ये होता. ब्राझील आणि जर्मनी यांचा उपांत्य सामना आपल्याकडे ९ जुलैला रात्री दीड वाजता सुरू झाला. आमच्या भागात तालमीच्या पटांगणात पडदा लावला होता. पोरांच्या अंगात पिवळे सदरे होते. जर्मनीने पहिल्या २९ मिनिटांत पाच गोल केले आणि पटांगणात चिटपाखरू नसावे अशी शांतता पसरली. आमच्या शेजारी आमच्याच युनियनचा एक सेंट्रिंग करणारा गडी बसला होता. बराच वेळ तो पडद्यावरच्या छताकडे, खांबांकडे, गॅलरीकडे पाहत होता. मग हळूच म्हणाला, "अण्णा, ह्या मैदानाचं सेंट्रिंग केलेली माणसं आत्ता आत बसली असतील का हो?"

आम्हांला उत्तर देता आले नाही. हा प्रश्न विनोदाने विचारलेला नव्हता. त्याच वर्षी तो आठ महिने एका मोठ्या सभागृहाच्या कामावर होता आणि उद्घाटनाच्या दिवशी पोराला घेऊन ते दाखवायला गेला, तेव्हा फाटकावर त्याला पास विचारला गेला. पास नव्हता. बापाने बांधलेली इमारत पोराने रस्त्यावरून पाहिली. त्या रात्रीपासून ब्राझीलविषयी जे मिळेल ते आम्ही वाचत आलो. आज जे बोलणार आहोत ते त्या गड्याला द्यावयाचे राहिलेले उत्तर आहे.

ब्राझीलमध्ये हा खेळ इंग्रजांबरोबर गेला आणि प्रथम तो साहेबांच्या आणि श्रीमंतांच्या क्लबांत राहिला. रिओ शहराच्या कडेला बांगू नावाच्या गावात एक कापडगिरणी होती. तेथील इंग्रज नोकरांनी १९०४ साली संघ काढला. अकरा इंग्रज पुरेनात, म्हणून गिरणीतले कामगार घेतले. त्यांत काळे होते, विणकर होते. गिरणीच्या चालकांना त्यात फायदा दिसला, कारण संघ जिंकला की मालाचे नाव होते. चांगल्या खेळाडूला हलके काम मिळू लागले, सरावाला सुटी मिळू लागली. आपल्याकडे संस्थानांनी आणि गिरण्यांनी कुस्तीगीर पोसले, तसाच हा प्रकार.

पण कामकरी माणूस पुढे आला की कोणाच्या तरी कपाळाला आठी पडतेच. गोव्यातील वास्को शहराला ज्याचे नाव आहे त्याच वास्को द गामाच्या नावाचा एक क्लब रिओमध्ये आहे. त्याच्या संघात काळे, मिश्रवर्णी, गरीब, हातावर पोट असलेले खेळाडू होते. १९२३ साली या संघाने बड्या क्लबांना हरवून शहराचे अजिंक्यपद मिळवले. पुढच्याच वर्षी बड्यांनी आपली निराळी संघटना काढली आणि वास्कोला कळवले, की तुमचे बारा खेळाडू काढून टाका, मगच आत या. क्लबच्या अध्यक्षांनी उत्तर पाठवले, की आम्ही खेळाडू काढणार नाही. तुमच्या संघटनेत येणेच आम्ही सोडतो. त्यांना नीट मैदान नाही, असेही हिणवले जाई. तेव्हा लोकांनी वर्गणी काढली आणि १९२७ साली साओ जानुआरिओ हे मैदान उभे राहिले. त्याच मैदानात १ मे १९४० रोजी राष्ट्राध्यक्ष वार्गास यांनी देशातील किमान वेतनाचा कायदा जाहीर केला. वर्गणीने बांधलेल्या मैदानात किमान वेतनाची घोषणा झाली, हे वाचून आम्ही पुस्तक क्षणभर मिटून ठेवले होते.

आता पहिल्या विश्वचषकाकडे येऊ. १९५० साली ब्राझीलने तो भरवला. त्यासाठी रिओमध्ये माराकाना हे मैदान ऑगस्ट १९४८ मध्ये बांधावयास घेतले आणि हजारो मजुरांनी ते दोन वर्षांच्या आत उभे केले. परांच्या पुरत्या उतरल्याही नव्हत्या तेव्हा सामने सुरू झाले. त्या मैदानात कठड्याजवळ, अगदी खाली, उभे राहून पाहण्याची एक जागा होती. तिला 'जेराल' म्हणत; म्हणजे सर्वसाधारण, सर्वांची. तिकीट सर्वांत स्वस्त. तेथून खेळाडूंचे पायच अधिक दिसत, पाऊस आला तर भिजावे लागे. पण मोलकरणीचा मुलगाही तेथे उभा राहू शकत असे.

या स्पर्धेशी आपलाही थोडा संबंध आहे. भारताच्या गटातील इतर देशांनी माघार घेतल्यामुळे न खेळताच आपली निवड झाली होती. तरी आपला संघ गेला नाही. अनवाणी खेळू देत नव्हते म्हणून गेलो नाही, अशी कथा आपण लहानपणापासून ऐकतो. परंतु त्या वेळचे संघनायक शैलेन मन्ना यांनीच पुढे सांगितले, की ऑलिंपिकपुढे विश्वचषकाचे महत्त्व आपल्याकडे कोणाला वाटलेच नव्हते. असो.

१६ जुलै १९५० रोजी शेवटचा सामना झाला, ब्राझील आणि उरुग्वे यांच्यात. तिकीट काढून आलेलेच १,७३,८५० लोक होते. प्रत्यक्षात दोन लाखांच्या आसपास असावेत असे म्हणतात. ब्राझीलला बरोबरीही पुरेशी होती. ब्राझीलने पहिला गोल केला आणि मैदान दणाणले. तेव्हा उरुग्वेचा कप्तान ओब्दुलिओ वारेला याने चेंडू काखेत मारला आणि तो सावकाश चालत पंचाकडे वाद घालावयास गेला. वादात अर्थ काही नव्हता. दोन लाखांचा ओरडा जरा थंड व्हावा, एवढाच हेतू. मग उरुग्वेने दोन गोल केले आणि सामना जिंकला.

हा वारेला कोण? बंधुभगिनींनो, हा आमच्या बिरादरीतला माणूस. १९४८ साली उरुग्वेच्या खेळाडूंनी आपली संघटना मान्य व्हावी आणि क्लबांनी आपल्याला जनावरासारखे बांधून ठेवू नये, म्हणून संप केला. तो सुमारे सात महिने चालला. वारेला त्या संपाच्या पुढाऱ्यांत होता आणि संपाच्या काळात पोटासाठी त्याने गवंडीकाम केले. सात महिने ज्याने संप टिकवला त्याला दोन लाखांच्या ओरड्याची भीती ती काय वाटणार! विश्वचषक जिंकल्यावर उरुग्वेच्या अधिकाऱ्यांनी स्वतःला सोन्याची पदके करून घेतली आणि खेळाडूंना चांदीची दिली, असे त्या देशाचे लेखक एदुआर्दो गालेआनो यांनी लिहून ठेवले आहे. त्या रात्री वारेला मात्र अधिकाऱ्यांच्या मेजवानीत रमला नाही. रिओच्या गुत्त्यांतून रडत बसलेल्या ब्राझीलच्या माणसांत जाऊन बसला. जिंकल्यावर हरलेल्याच्या शेजारी बसणे ही मोठी गोष्ट आहे.

आणि ब्राझीलने काय केले? पराभवाचा सगळा भार गोलरक्षक बार्बोसा याच्या डोक्यावर ठेवला. तो काळा होता. २००० साली तो वारला, म्हणजे जवळजवळ पन्नास वर्षे हा ठपका त्याने वाहिला. ब्राझीलच्या कायद्यात मोठ्यात मोठी शिक्षा तीस वर्षांची, आपण मात्र त्याहून अधिक भोगली, असे तो म्हणत असे. कामावर अपघात झाला की पहिली नोटीस सर्वांत खालच्या माणसाला निघते, हे आम्ही तीस वर्षे पाहत आलो आहोत. तेथेही रीत हीच.

पुढे १९५८ आणि १९६२ साली ब्राझीलने विश्वचषक जिंकले. त्या संघांत गारिंचा होता. पाऊ ग्रांदे या गिरणीच्या गावात तो जन्मला आणि चौदाव्या वर्षी गिरणीत लागला. पाय वाकडे, कामात लक्ष नाही, कोठेतरी झोपलेला सापडे, पण गिरणीच्या संघाला तो हवा, म्हणून निभावत गेले. लोक त्याला 'जनतेचा आनंद' म्हणत. हा गडी मोठ्या क्लबात गेला तरी कोऱ्या करारावर सही करी आणि रकमेचा आकडा नंतर क्लबवाले भरत. आमच्या श्रोत्यांत बांधकामावरची माणसे असतील, त्यांना कोऱ्या हजेरीपत्रकावरची सही म्हणजे काय ते समजावून सांगावयास नको. १९८३ साली दारूने खचून, ओढगस्तीत तो वारला. त्याचे नाव लक्षात ठेवा. पुढे ते पुन्हा येणार आहे.

मैदानाचा आणखी एक उपयोग सांगतो. १९६४ पासून ब्राझीलमध्ये लष्करी राजवट होती. मार्च १९७९ मध्ये साओ पावलोजवळच्या मोटार कारखान्यांतील धातुकामगारांनी संप केला. सभेला हजारोंनी माणसे जमणार, जागा नाही. तेव्हा व्हिला युक्लिदेस या फुटबॉलच्या मैदानात सभा भरली. पहिल्या सभेला ध्वनिक्षेपक नव्हता. युनियनचा अध्यक्ष एका टेबलावर उभा राहिला. तो एक वाक्य बोले, पुढच्या रांगा ते मागच्यांना सांगत, त्या आणखी मागच्यांना. असे ते वाक्य मैदानाच्या कडेपर्यंत पोचे. मग दुसरे वाक्य. तो अध्यक्ष म्हणजे लुला. फारसे शिकलेला नाही, कारखान्यात डाव्या हाताची करंगळी गमावलेला. आम्ही कितीतरी सभांतून ही हकिकत सांगितली आहे आणि प्रत्येक वेळी आमचा कंठ दाटला आहे.

आता कठीण भाग येतो, आणि तो आम्ही टाळणार नाही. हाच लुला पुढे राष्ट्राध्यक्ष झाला आणि त्याच्याच कारकिर्दीत, ३० ऑक्टोबर २००७ रोजी, २०१४ चा विश्वचषक ब्राझीलला मिळाला. त्याच्या राज्यात गरिबांच्या घरात पैसा पोचला, किमान वेतन वाढले, हे खरे आहे. पण आपला माणूस गादीवर बसला की हिशेब विचारावयास आपलीच जीभ जड होते. तेथे तसे झाले. मैदाने खाजगी पैशातून होतील, असे तेथील फुटबॉल महासंघाच्या अध्यक्षांनी सांगितले होते. प्रत्यक्षात बारा मैदानांवर सुमारे आठ अब्ज रेआल खर्च झाले आणि त्यांतील बहुतेक पैसा सरकारी तिजोरीतून किंवा सरकारी बँकेच्या कर्जातून आला. सर्वांत महाग पडले ते राजधानी ब्राझीलियाचे मैदान. त्याचे नाव काय? माने गारिंचा! कोऱ्या करारावर सही करणाऱ्याच्या नावाने सर्वांत मोठे बिल फाडले गेले. त्या शहराचा एकही संघ पहिल्या श्रेणीत नव्हता. मनाऊस या जंगलातल्या शहराचीही तीच गोष्ट. पुढे ब्राझीलियाच्या त्या मैदानाच्या वाहनतळात शहराच्या बसगाड्या उभ्या करू लागले.

ही मैदाने बांधताना आठ मजूर मेले. कोणी उंचावरून पडले. साओ पावलोत २७ नोव्हेंबर २०१३ रोजी क्रेन कोसळली आणि दोघे गेले. मजूर गप्प बसले नव्हते. ऑगस्ट २०११ मध्ये माराकानाच्या कामावर स्फोट होऊन एक मजूर जखमी झाला, तेव्हा सगळ्यांनी हत्यारे खाली ठेवली आणि औषधोपचाराची व शिधा वाढवण्याची मागणी केली. पुढच्याच महिन्यात पुन्हा संप झाला, कारण जेवणात नासके अन्न आले होते. इतर शहरांतही असेच संप झाले. मुदत जवळ आलेली असते तेव्हा मजुराच्या हाताला वजन येते, हे तेथील लोक जाणून होते.

आणि ज्यांचा हा उत्सव, त्या जागतिक संघटनेचे काय? फिफाला करांतून सूट मिळाली. २०१२ साली खास कायदा झाला. दंगली टाळण्यासाठी तेथील मैदानांत बंद केलेली बिअर पुरस्कर्त्यांसाठी पुन्हा सुरू झाली आणि मैदानाभोवती दोन किलोमीटरपर्यंत दुसऱ्या कोणी धंदा करू नये, अशी सोय झाली. २०११ ते २०१४ या चार वर्षांत फिफाचे उत्पन्न पाच अब्ज डॉलरांच्या वर गेले.

जून २०१३ मध्ये साओ पावलोत बसचे भाडे तीन रेआलवरून तीन रेआल वीस सेंटाव्हो झाले. वाढ चिल्लर होती. पण लोक रस्त्यावर उतरले आणि मग बसचे भाडे बाजूला राहून सगळाच हिशेब निघाला. मैदाने फिफाच्या दर्जाची, तर आमची इस्पितळे आणि शाळा का नाहीत? हा त्यांचा सवाल. २० जून रोजी शंभराहून अधिक शहरांत दहा लाखांवर माणसे रस्त्यांत होती. जगातील सर्वांत फुटबॉलवेडा देश फुटबॉलच्या स्पर्धेविरुद्ध उभा राहिला, असे वर्तमानपत्रांनी लिहिले. आम्हांला ते पटत नाही. ते खेळाविरुद्ध नव्हते. घरच्या लग्नात वऱ्हाड्यांना पंगत आणि घरच्यांना मागच्या दारी उभे करावे, याविरुद्ध ते होते.

मार्च २०१४ मध्ये, कार्निव्हालच्या ऐन दिवसांत, रिओच्या सफाई कामगारांनी संप केला. येथे आम्ही कान धरून सांगतो, कारण यात युनियनवाल्यांनाही धडा आहे. त्यांच्या युनियनच्या पुढाऱ्यांनी सुमारे नऊ टक्के वाढीवर सही करून टाकली होती. कामगारांनी ती मानली नाही. नारिंगी गणवेश घालून ते रस्त्यावर आले आणि शहरात कचऱ्याचे ढीग लागले. प्रथम नोकरीवरून काढण्याच्या धमक्या आल्या. आठ दिवसांत ३७ टक्के वाढ मिळाली आणि मूळ पगार ८०० च्या आसपास होता तो १,१०० रेआल झाला. विश्वचषक तीन महिन्यांवर होता, हे दोन्ही बाजूंना ठाऊक होते. साओ पावलोच्या मेट्रो कामगारांनी जूनमध्ये, स्पर्धेच्या तोंडावर, पाच दिवस संप केला. न्यायालयाने तो बेकायदा ठरवला आणि ४२ जणांना काढण्यात आले. संघर्षात दोन्ही गोष्टी होतात, म्हणून दोन्ही सांगितल्या.

साल्व्हादोर शहरात बायका पांढरे घेरदार झगे घालून चवळीच्या पिठाचे वडे पाम तेलात तळून विकतात; त्याला अकाराजे म्हणतात. पिढ्यान्‌पिढ्या मैदानापाशी हा व्यवसाय चाललेला. नव्या नियमांत त्यांना जागा नव्हती. त्यांनी सह्या गोळा केल्या, मोर्चा काढला आणि २०१३ साली त्यांच्यापैकी काही जणींना नव्या मैदानात विक्रीची परवानगी मिळाली. परवानगी मोजक्याच जणींना मिळाली, पण ती त्यांनी मागून घेतली.

३ जुलै २०१४ रोजी, स्पर्धा चालू असतानाच, बेलो ओरिझोंते शहरात स्पर्धेनिमित्त हाती घेतलेला एक उड्डाणपूल कोसळला आणि दोन माणसे ठार झाली. पाच दिवसांनी त्याच शहरात ब्राझील सात विरुद्ध एक असा हरला. सात गोलांसाठी आपणही रात्रभर जागे होतो. पुलाखालच्या दोघांची बातमी आपल्यापैकी किती जणांनी वाचली होती? आम्हीही वाचली नव्हती.

आता त्या गड्याचे उत्तर. मैदाने बांधणाऱ्या कामगारांना काही मोफत तिकिटे देण्यात आली होती, हे प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. तेव्हा सेंट्रिंग करणारे कोणी कोणी एखाद्या सामन्याला आत बसलेही असतील. पण माराकानाची जेराल २००५ सालीच बंद झाली. नवे माराकाना सुमारे ७८,००० खुर्च्यांचे आहे; तिकिटे महाग झाली आणि दर रविवारी तेथे उभा राहणारा माणूस घरी बसून दूरचित्रवाणीवर सामना पाहू लागला. म्हणून उत्तर असे, की बांधणाऱ्याला एक दिवसाचे आमंत्रण मिळाले आणि कायमची जागा गेली. आमंत्रण देणाऱ्याच्या मर्जीवर असते. जेराल मर्जीवर नव्हती. चार पैसे टाकले की ती त्याची होती.

मग उत्सव भरवूच नयेत काय? आम्ही असे म्हणणार नाही. २०१७ साली सतरा वर्षांखालील मुलांचा विश्वचषक आपल्या देशात झाला, नवी मुंबईतही सामने झाले आणि भारताच्या संघात आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव खेळला, तेव्हा आमचीही छाती फुगली होती. गरिबाला भाकरी हवी तशी मौजही हवी. ज्या गिरणीकामगाराला दहा तासांनंतर चेंडू खेळावासा वाटला, त्यानेच हा खेळ ब्राझीलमध्ये मोठा केला. आमचे म्हणणे एवढेच, की उत्सवाआधी हिशेब मांडावा, उत्सवानंतर नव्हे. पैसा कोणाचा? बांधताना पडला तर त्याच्या घराचे काय? आणि बांधून झाल्यावर त्याला आत जागा कोठे? आपल्याकडे कायद्याने बांधकामाच्या खर्चावर एक टक्का उपकर मजुरांच्या कल्याणासाठी घ्यावयाचा आहे. गावात सभागृह, संकुल, मैदान काही उभे राहत असेल तर तो भरला का आणि कामावरच्या मजुरांची नोंदणी झाली का, एवढे दोन प्रश्न विचारावयास युनियनवाला लागत नाही. कर भरणारा कोणीही नागरिक ते विचारू शकतो.

२०२७ सालचा महिलांचा विश्वचषक ब्राझीलमध्ये भरवण्याचे २०२४ साली ठरले. ज्या देशात १९४१ पासून १९७९ पर्यंत बायकांना फुटबॉल खेळण्याची कायद्याने बंदी होती, तेथे हे घडावे, याचा आनंद आहे. पण तेथेही रस्ते झाडले जातील, वडे तळले जातील, परांच्या बांधल्या जातील. आपल्या तालमीत पडदा लागेल तेव्हा त्या माणसांचीही आठवण ठेवावी, एवढी विनंती आहे.

तो सेंट्रिंगवाला आज सभेला आला आहे. मागच्या रांगेत आहे. येथे फाटकावर पास लागत नाही, म्हणून येऊ शकला.